इसार १९७० चा, निकाल २०१२ चा

ऐकण्यापेक्षा वाचणं ज्यांना सोपं जातं, त्यांच्यासाठी या भागाचं हे नेहमीप्रमाणे लेखी रूप. बोलताना अडखळलो तेवढं गाळलंय, बाकी जवळजवळ तसंच ठेवलंय.

सुरुवात घरातूनच करतो. माझ्या मामाने २००९ मध्ये एका प्लॉटचं साठेखत केलं. साडेचार लाखांत सौदा ठरला, पन्नास हजार इसार दिला, बाकीची रक्कम सहा महिन्यांत द्यायची होती. मामा पैसे घेऊन तयार, पण विकणारा खरेदीखत करून द्यायला येईना. आज येतो, उद्या येतो, मुलगा गावाला गेलाय. शेवटी मामा कोर्टात गेला आणि २०१७ मध्ये जिंकला. कोर्ट म्हणालं, उरलेले पैसे भरा आणि खरेदीखत करून घ्या. मामाने पैसे कोर्टात भरले. समोरच्याने अपील केलं, स्थगिती मिळवली. ते अपील अजून सुरू आहे.

मागच्या महिन्यात जेवताना मामाने मला विचारलं, "तू एवढा शिकलेला. मग सांग बरं, मी जिंकलोय की नाही?"

मला उत्तर देता आलं नाही. मी बीटेक, दिवसभर सर्व्हरचा कोड लिहितो. कायदा माझा विषय नाही. पण प्रश्न डोक्यातून जाईना. म्हणून रात्री बसून जुने निकाल वाचायला लागलो, आणि त्यातून हा भाग तयार झाला. घर किंवा जमीन विकायचा करार मोडला, तर तो पाळायला लावायचा की नाही, हे भारतातली कोर्टं जवळजवळ दीडशे वर्षं ठरवताहेत. या इतिहासात खालच्या कोर्टाबद्दल पुष्कळ बोललं जातं. मला आज बोलायचंय अपील कोर्टाबद्दल.

आधी शब्द नीट लावून घेऊ

साठेखत म्हणजे 'विकीन' असं वचन. खरेदीखत म्हणजे 'विकलं'. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५४ स्पष्ट सांगतं, की नुसत्या विक्रीच्या कराराने मालमत्तेत कसलाही हक्क निर्माण होत नाही. म्हणजे साठेखत हातात असूनही प्लॉट तुमचा नाही. तुमच्याकडे फक्त कोर्टात जायचा हक्क आहे.

कोर्टात गेल्यावर दोन गोष्टी मागता येतात. एक, माझं नुकसान झालं, भरपाई द्या. दोन, मला भरपाई नको, ठरलेलं घरच द्या. दुसऱ्या मागणीला स्पेसिफिक परफॉर्मन्स म्हणतात. आपण 'करारपूर्ती' म्हणू. ही कल्पना इंग्लंडच्या चॅन्सरी कोर्टातली. तिथल्या साध्या कोर्टात पैसे मिळायचे. चॅन्सरीचं म्हणणं होतं की जमिनीचा प्रत्येक तुकडा वेगळा असतो, त्याच्या बदल्यात पैसे देऊन न्याय होत नाही. ब्रिटिशांनी हा विचार १८७७ च्या स्पेसिफिक रिलीफ ॲक्टमध्ये भारतात आणला.

त्या कायद्याचं कलम २२ मी तीनदा वाचलं. त्याचा अर्थ असा: करारपूर्ती द्यायची की नाही हा न्यायाधीशाचा विवेक आहे, कायद्यात बसतं एवढ्यावरून ती द्यायलाच हवी असं नाही. पण हा विवेक मनमानी असू नये, तो न्यायतत्त्वांना धरून असावा, आणि अपील कोर्टाला त्यात दुरुस्ती करता यावी.

हे शेवटचं वाक्य महत्त्वाचं आहे. न्यायाधीशाला मोकळीक देतानाच कायद्याने त्याच्या कामाची फेरतपासणी लिहून ठेवली. १९६३ मध्ये नवा कायदा आला, तेव्हाही कलम २० मध्ये हेच शब्द राहिले. म्हणजे २०१८ पर्यंत, एकशे एक्केचाळीस वर्षं, अपील कोर्टाची भूमिका कायद्यात एका शब्दात सांगितलेली होती: दुरुस्ती. ती दुरुस्ती प्रत्यक्षात कशी झाली, ते आता बघू.

लंडनपर्यंत गेलेला मुंबईचा सौदा

स्वातंत्र्याआधी शेवटचं अपील लंडनला, प्रिव्ही कौन्सिलकडे जायचं. १९२८ मध्ये तिथे मुंबईच्या एका मालमत्तेचा वाद निकालात निघाला. खरेदीदार अर्देशीर मामा, समोर फ्लोरा ससून. हो, आडनाव खरंच मामा. मलाही वाचताना हसू आलं.

अर्देशीर यांनी करारपूर्तीचा दावा लावला होता, पण मध्येच त्यांच्या बाजूने कळवण्यात आलं की आता मालमत्ता नको, भरपाई द्या. प्रिव्ही कौन्सिलने सांगितलं की करारपूर्ती मागणाऱ्याची तयारी आणि इच्छा कराराच्या दिवसापासून सुनावणीपर्यंत अखंड असली पाहिजे. मध्ये सोडलीत, की हक्क गेला. आज कुठल्याही वकिलाकडे जा, 'रेडी अँड विलिंग' हे शब्द ऐकू येतील. १९६३ च्या कायद्यातलं कलम १६ (क) याच विचारावर उभं आहे.

नियम न्याय्य आहे. पण त्यातून एक प्रश्न निघतो. खरेदीदाराने अखंड तयार राहायचं, तर किती वर्षं? खटला सहा वर्षं आणि अपील अठ्ठावीस वर्षं चाललं तर?

हा आकडा मी हवेतून काढलेला नाही.

फ्लॅगस्टाफ रोडवरचं घर

दिल्लीत सिव्हिल लाइन्स भागात फ्लॅगस्टाफ रोडवर एक बंगला आहे. मालक अनीस अहमद रश्दी, म्हणजे मुंबईत जन्मलेले लेखक सलमान रश्दी यांचे वडील. डिसेंबर १९७० मध्ये त्यांनी तो भिकूराम जैन यांना विकायचा करार केला. हे जैन पुढे चांदनी चौकातून काँग्रेसचे खासदार झाले. किंमत ३ लाख ७५ हजार रुपये, इसार ५० हजार. विकणाऱ्याने आधी आयकर खात्याचं प्रमाणपत्र आणायचं आणि मग उरलेले पैसे घ्यायचे, असं ठरलं. व्यवहार अडला. १९७७ मध्ये जैन कोर्टात गेले.

१९८३ मध्ये दिल्ली हायकोर्टाच्या एका न्यायमूर्तींनी जैन यांच्या बाजूने निकाल दिला. कपिल देवच्या टीमने वर्ल्ड कप जिंकला ते वर्ष. त्यावर त्याच हायकोर्टाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठाकडे अपील झालं. त्या अपिलाचा निकाल ऑक्टोबर २०११ मध्ये लागला. धोनीने वानखेडेवर षटकार मारून कप आणला, त्यानंतर सहा महिन्यांनी. दोन वर्ल्ड कपच्या मध्ये एक अपील. करार करणारे अनीस रश्दी १९८७ मध्येच वारले होते.

खंडपीठाने १९८३ चा निकाल उलटवला. जैन कुटुंब सुप्रीम कोर्टात गेलं, आणि डिसेंबर २०१२ मध्ये न्यायमूर्ती सदाशिवम आणि न्यायमूर्ती गोगोई यांनी तो पुन्हा फिरवला. त्यांचा मुद्दा मला पटला. करारातली एखादी अट मोघम वाटली, तर तो करार करणाऱ्या दोन व्यवहारी माणसांच्या मनात काय असेल ते बघा, आणि व्यवहार पुरा होईल असा अर्थ लावा. काळ गेला आणि भाव वाढले, एवढ्यावर करारपूर्ती नाकारता येत नाही. पण १९७० च्या भावाने २०१२ मध्ये घर देणं हेही न्याय्य नाही. म्हणून निकालाच्या दिवसाच्या बाजारभावाने खरेदीखत करा, आणि तो भाव हायकोर्टाने ठरवावा.

डिसेंबर २०१९ मध्ये हायकोर्टाने तो भाव १३० कोटी ठरवला. ३ लाख ७५ हजारांच्या जवळजवळ साडेतीन हजार पट. मग त्या आकड्यावरूनही वाद झाला.

आता वर्षं मोजा. दाव्याला सहा, अपिलाला अठ्ठावीस, सुप्रीम कोर्टाला एक. जमिनीचा भाव ज्या काळात आकाशाला भिडला, त्यातला बहुतेक काळ अपिलाचा होता. शेवटी खरेदीदाराला जो बाजारभाव भरायला सांगितला, त्यातला मोठा हिस्सा ना जैन यांच्या चुकीचा, ना रश्दींच्या. तो फायलीवर साचलेल्या धुळीचा होता.

भाव वाढला तर कुणाचा?

याच प्रश्नावर सुप्रीम कोर्टानेही वेगवेगळ्या वेळी वेगवेगळा भर दिलाय.

१९९७ चा एक निकाल मदुराईच्या घराचा. १९७८ चा करार, किंमत साठ हजार, इसार पाच हजार, मुदत सहा महिने. खरेदीदार जवळजवळ अडीच वर्षं गप्प बसला आणि मग दावा लावला. खालच्या कोर्टाने करारपूर्ती नाकारली, हायकोर्टाने दिली, सुप्रीम कोर्टाने पुन्हा नाकारली. शहरात भाव झपाट्याने वाढत असताना बारावा हिस्सा देऊन घर अडवून ठेवायचं आणि आपल्या सोयीने जागं व्हायचं, हे चालणार नाही, असा त्याचा सूर.

२००२ चा निकाल मुंबईच्या फ्लॅटचा. करार १९६६ चा. महापालिकेच्या जागेच्या भाडेपट्ट्यावरून बांधकाम रखडलं. हायकोर्टात खरेदीदार बाईंना फ्लॅटऐवजी पैसे मिळाले होते. सुप्रीम कोर्टाने फ्लॅट द्यायला सांगितला. खटला चालू असताना भाव वाढला म्हणून खरेदीदाराला रिकाम्या हाताने पाठवायचं नाही, कसूर कुणाची ते बघा, आणि न्याय्य वाटलं तर खरेदीदाराला वाढीव रक्कम भरायला लावा.

२०११ मध्ये तमिळनाडूच्या एका प्रकरणात न्यायमूर्ती रवींद्रन यांनी लिहिलं, की स्थावराच्या व्यवहारात वेळेला फारसं महत्त्व नाही, हा जुना नियम भाव स्थिर असतानाच्या काळातला आहे. आता त्याचा फेरविचार करायला हवा.

वरवर हे निकाल एकमेकांना छेद देतात असं वाटेल. मला त्यात एक धागा दिसतो. तिन्ही ठिकाणी कोर्ट विचारतंय, उशीर कुणामुळे झाला? खरेदीदार झोपला असेल, तर भाववाढीचा फायदा त्याला नको. विकणाऱ्याने टाळाटाळ केली असेल, तर त्याला नको. अडचण येते ती तिसऱ्या उत्तरात. उशीर कोर्टामुळेच झाला असेल, तर?

अपील कोर्टाने काय करायचं असतं

आता नियमांचं पुस्तक उघडू. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८. पहिलं अपील कलम ९६ खाली होतं. त्यात पुरावाही पुन्हा तपासता येतो आणि कायदाही. दुसरं अपील कलम १०० खाली. १९७६ च्या दुरुस्तीनंतर तिथे फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच दार उघडतं. खरेदीदाराकडे पैसे होते का, पत्र पाठवलं होतं का, ही तथ्यं नीट तपासायची शेवटची हक्काची जागा म्हणजे पहिलं अपील. तिथे घाई झाली किंवा आळस झाला, तर पुढे सहसा कुणी ती चूक काढत नाही.

म्हणूनच संहितेचा आदेश ४१, नियम ३१ सांगतो, की अपिलाच्या निकालात ठरवायचे मुद्दे लिहा, प्रत्येकावर निर्णय लिहा आणि त्याची कारणं लिहा. २००१ मध्ये संतोष हजारी प्रकरणात सुप्रीम कोर्टाने यात आणखी भर घातली. खालच्या कोर्टाचा निकाल उलटवायचा असेल, तर त्या न्यायाधीशाने दिलेल्या कारणांना थेट भिडा आणि ती का चुकली ते सांगा.

आमच्याकडे कोड रिव्ह्यू असतो. दुसऱ्याचा कोड मला आवडला नाही, मी वेगळा लिहिला असता, एवढ्यावर मला तो परत पाठवता येत नाही. कुठल्या ओळीत, कुठल्या इनपुटला काय बिघडतं ते दाखवावं लागतं. आणि रिव्ह्यू अडकून पडला तर दोष रिव्ह्यू करणाऱ्याचा. अपील कोर्टाचं काम साक्षीदारांना समोर बघण्याचं नाही, ते खालच्या न्यायाधीशाने केलंय. म्हणून त्याची कारणं आधी वाचायची, मग स्वतःचं मत.

आणखी एक नियम ऐका. आदेश ४१, नियम ५. नुसतं अपील दाखल केल्याने खालचा हुकूमनामा थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते, मोठं नुकसान होईल हे दाखवावं लागतं, हमी द्यावी लागते. त्याचबरोबर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ मुळे वाद चालू असताना कुणी मालमत्ता विकली, तरी नवा मालक निकालाला बांधलेला राहतो. म्हणजे काळ गोठवायची आणि दोन्ही बाजूंचा तोल सांभाळायची हत्यारं अपील कोर्टाकडे आहेत.

घड्याळ फक्त एका मजल्यावर

२०१८ मध्ये संसदेने स्पेसिफिक रिलीफ कायदा मोठ्या प्रमाणात बदलला. १ ऑक्टोबर २०१८ पासून तो लागू झाला. न्यायाधीशाचा विवेक काढून घेतला गेला, कलम १० म्हणू लागलं की काही ठरावीक अपवाद सोडले तर कोर्टाने करारपूर्ती द्यायचीच. जुनं कलम २० गेलं, आणि त्याच्याबरोबर 'अपील कोर्टाला दुरुस्ती करता यावी' हे शब्दही गेले.

बदल्यात कलम २०-क मध्ये एक घड्याळ आलं: प्रतिवादीला समन्स मिळाल्यापासून बारा महिन्यांत दावा निकाली काढायचा, फार तर आणखी सहा महिने. वाचून मी खूश झालो. मग पुन्हा वाचलं. हे घड्याळ दाव्याचं. अपिलाचं नाव त्यात नाही. ज्या मजल्यावर फ्लॅगस्टाफ रोडची अठ्ठावीस वर्षं गेली, तिथे भिंतीवर अजून घड्याळ नाही.

आणि विवेक काढला म्हणून वाद संपले असंही नाही. तेलंगणातल्या १९९७ च्या करारांचं एक प्रकरण बघा. खालचं कोर्ट नाही म्हणालं, हायकोर्ट हो म्हणालं. ऑगस्ट २०२२ मध्ये सुप्रीम कोर्ट नाही म्हणालं, आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टानेच पुनर्विलोकनात आपला तो निकाल मागे घेतला. नाही, हो, नाही, हो. सत्तावीस वर्षं.

मग माझं म्हणणं काय?

एवढं वाचल्यावर माझं मत असं झालंय. जमिनीच्या करारात उशीर हा तटस्थ नसतो. पैशाच्या वादात दहा वर्षं गेली तर व्याज लावून हिशेब जुळवता येतो. जमिनीच्या वादात दहा वर्षं गेली की सौदाच वेगळा होतो. म्हणून अपील कोर्टाने अशा प्रकरणात पहिल्याच तारखेला काळाचा बंदोबस्त करावा.

स्थगिती द्यायची तर अटींवर द्यावी. उरलेली रक्कम कोर्टात भरायला लावावी आणि ती व्याजाच्या ठेवीत ठेवावी. कलम १६ च्या स्पष्टीकरणानुसार कोर्टाने सांगितल्याशिवाय खरेदीदाराला पैसे भरावे लागत नाहीत. मग कोर्टाने सांगावं. त्यातून खरेदीदाराची तयारीही सिद्ध होते, आणि नुसता इसार देऊन जमीन अडवणारा उघडाही पडतो. विकणाराही काही नेहमी लबाड नसतो. मुलीच्या लग्नासाठी, दवाखान्यासाठी जमीन काढलेली असते, आणि पैसे वेळेवर आले नाहीत म्हणून तो मागे फिरतो. त्यालाही उत्तर लवकर हवं असतं.

शेवटी निकाल देताना उशिराची वर्षं वेगळी काढावीत. ही खरेदीदाराची, ही विकणाऱ्याची, ही आमची. आणि 'आमची' वर्षं कुणा एकाच्या बोकांडी बसवू नयेत. फ्लॅगस्टाफ रोडच्या निकालात पूर्ण बाजारभाव खरेदीदाराने भरायचा होता. मला ते जड वाटतं. १९८३ मध्ये जिंकलेला माणूस २०१२ चा भाव भरतो, तर १९८३ मध्ये त्याने नेमकं काय जिंकलं होतं?

हाच तर मामाचा प्रश्न होता.

मामा आता त्रेसष्ट वर्षांचा आहे. समोरच्याच्या मुलाने निरोप पाठवलाय, पंधरा लाख घ्या आणि विषय संपवा. एजंट सांगतो, प्लॉट आज साठ लाखांचा आहे. मामी म्हणते घेऊन टाका, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, आपण चढलो ते चढलो. मामा काही बोलत नाही.

परवा मी त्याला फोन केला. म्हटलं, तू जिंकलायस. हुकूमनामा तुझ्या बाजूने आहे, पैसे तू मुदतीत भरलेस, अखंड तयार राहिलास. प्लॉट मिळायचा तेवढा बाकी आहे. तडजोड करायची तर कर, पण थकून करू नकोस. आधी वकिलांना सांगून अपील लवकर ऐकण्यासाठी अर्ज दे, ज्येष्ठ नागरिक म्हणून. स्थगिती कुठल्या अटींवर मिळाली होती, त्याची नक्कल काढ.

मामा म्हणाला, "नक्कल आहे रे. ट्रंकेत आहे. पण वाचली कुणी?"

पुढची तारीख बावीसची आहे. मी रजा टाकलीय. जाताना ती नक्कल वाचणार आहे, आणि काय झालं ते पुढच्या भागात सांगतो. तुमच्याही घरात अशी एखादी इसार पावती ट्रंकेत पडलेली असेल, तर आज काढून तिच्यावरची तारीख बघा. भेटू.